बुवा येईपर्यंत

"परबताई, बुवा अजून खंडाळ्यातच आहेत. घाटात कंटेनर आडवा झालाय. बोला, काय करायचं?"

दळवी ग्रीन रूमच्या दारात उभे होते. मुलुंडच्या एका संगीत मंडळाचे ते सेक्रेटरी. रविवारची सकाळची मैफल होती, हॉल भरला होता, आणि ज्यांच्या नावावर भरला होता ते गायक पुण्याहून निघून घाटात अडकले होते. तानपुऱ्यावर बसणाऱ्या शिष्या त्यांच्याच गाडीत. इथे आम्ही दोघंच पोचलो होतो. तबल्यावर प्रशांत आणि व्हायोलिनवर मी.

गायकांचं नाव लिहीत नाही. ते आजही गातात आणि चांगलं गातात. आम्ही सगळे त्यांना बुवा म्हणायचो.

मी त्यांची संगतकार. संगत म्हणजे गायक जे गातो ते त्याच्या मागोमाग, हलक्या हाताने वाजवायचं. तो श्वास घेतो तेव्हा मधली पोकळी भरायची. तो खूश असला तर मान वळवून बघतो, म्हणजे दोन ओळी तुमच्या. त्याला 'जागा देणं' म्हणतात. त्या दोन ओळी संपल्या की परत मागे. नऊ वर्षं मी हे काम केलं आणि त्याबद्दल माझी काही तक्रार नव्हती.

तक्रार करायला तोंडही नव्हतं. मी व्हायोलिन हातात घेतलं तेव्हा सव्वीस वर्षांची होते. अंधेरीला एमआयडीसीतल्या एका ऑफिसात अकाउंट्सला होते. मैत्रिणीच्या मुलीला घाटकोपरच्या क्लासमधून आणायला म्हणून जायचे आणि बाकड्यावर बसून ऐकायचे. मुलीने क्लास सोडला. मी धरला. आमचे सर, नाना, यांनी माझी डाव्या हाताची बोटं एकेक करून वाकवून बघितली, भाजी घेताना भेंडी मोडून बघतात तशी.

"पोरांची बोटं ओली असतात," ते म्हणाले. "तुझी वाळलीत. संगत शिकवीन. सोलोचं डोक्यात आणू नकोस."

आई मालवणची. तिने एका वाक्यात निकाल लावला. "लग्नाच्या वयात लगीन केलंस नाय, शिकाच्या वयात शिकलंस नाय. तुजा सगळा उशिराच."

सोलो मी डोक्यात आणला नाही. ऑफिसच्या आधी आणि नंतर रियाज केला. पुढे नोकरी सोडली. ज्यांच्याकडे आधीच चांगले संगतकार होते त्यांनी मला दारात उभं केलं नाही, बुवांनी केलं. हे सांगायला हवं, नाहीतर पुढचं एकतर्फी होईल.

तर मी बुवांना फोन लावला.

"अगं, वाजव काहीतरी पंधरा मिनिटं," ते म्हणाले. मागे हॉर्न ऐकू येत होते. "लोक उठून जायला नकोत."

"तुम्ही काय गाणार आहात?"

"तोडी."

हे विचारावं लागतं. मुख्य कलाकार जो राग गाणार तो आधी कोणी वाजवत नाही. तो शिष्टाचार आहे. मी अल्हैया बिलावल घेतला. सकाळचा राग, साधा, सरळ. क्लासमध्ये पोरांना सुरुवातीला शिकवतात त्यातला. तोडीच्या आसपासही जात नाही. कोणाला काही वाटायचा प्रश्नच नव्हता.

दळवींनी माईकवर सांगितलं, "बुवा वाटेत आहेत. तोपर्यंत परबताई थोडं वाजवतील." हॉलमधले काही लोक चहाला उठले.

मी मांडी घातली, व्हायोलिनचं डोकं पावलावर टेकवलं, मोबाईलवरचा तानपुरा सुरू केला. आणि पंचाईत झाली. मला सुरुवात करता येईना. संगतकाराची सुरुवात नेहमी दुसरं कोणीतरी करतं. मी एक ओळ वाजवली आणि थांबले. दुसरी वाजवली, पुन्हा थांबले. मला वाटत होतं मी विचार करतेय. प्रशांत पुढे वाकला.

"ताई, कोणासाठी थांबताय?" तो हळूच म्हणाला. "कोणी गाणार नाहीये. चला पुढे."

तेव्हा लक्षात आलं. मी प्रत्येक ओळीनंतर बुवांच्या आवाजासाठी जागा सोडत होते. हाताला तेवढंच माहीत होतं.

मग सोडली नाही. एका स्वरावरून निघाले ते पुढच्या स्वरावर कधी पोचायचं हे मीच ठरवत होते. पहिल्यांदा धैवतावर हवं तेवढं थांबले. गज पूर्ण ओढला, टोकापर्यंत. संगतीत आवाज दाबून ठेवायचा असल्याने गज अर्धाच वापरला जातो. आपल्या वाद्याचा आवाज एवढा मोठा आहे हे मला त्या दिवशी कळलं.

पंधरा मिनिटं झाली. विंगेतून दळवींनी हात गोल फिरवला. वाढवा. पुन्हा वाढवा. चहाला गेलेले परत आले. मी विलंबित संपवून मध्यलयीत आले. प्रशांत हसत होता. तो बुवांबरोबर वाजवताना कधी हसत नाही. तासाभराने दळवींचा हात फिरायचाही थांबला. ते खुर्ची ओढून विंगेत बसून ऐकायला लागले होते.

द्रुत सुरू असताना ते अचानक उठले आणि दोन्ही हात जोडून दाखवले. बुवा आले होते. मी तिहाई घेऊन समेवर संपवलं. टाळ्या बराच वेळ चालल्या. पहिल्या रांगेतले एक आजोबा ओरडले, "बाई, अजून पाच मिनिटं! काय घाई आहे?"

बुवा विंगेत उभे होते. प्रवासाने चेहरा उतरलेला, खांद्यावर शाल.

"काय वाजवलंस?"

"बिलावल."

"बरं," ते म्हणाले. मग दळवींकडे वळून, "चहा मिळेल का?"

स्टेजवर बसल्यावर त्यांनी माईक जवळ घेतला. "मी नसताना आमच्या सुनंदाबाईंनी किल्ला छान लढवला," ते हसत म्हणाले. "तुम्हाला सांगतो, ह्या हिशेबनीस होत्या बरं का. सव्विसाव्या वर्षी व्हायोलिन शिकायला लागल्या. हौसेला मोल नाही!"

लोक हसले, कौतुकाने टाळ्या वाजवल्या. त्यात वाईट असं काही नव्हतं. पण थोड्या वेळापूर्वी ज्यांनी राग ऐकला होता त्यांना आता एका हौशी बाईची जिद्द आठवायला लागली. मला स्टेजवरून त्यांच्या तोंडावर ते दिसत होतं. मघाचे आजोबा शेजाऱ्याला काहीतरी सांगून माझ्याकडे प्रेमाने बघत होते, नातवाच्या स्नेहसंमेलनात बघतात तसे.

मग बुवांनी साउंडवाल्याकडे बघून माझ्या माईककडे बोट केलं आणि बोट खाली नेलं. तोडी सुरू झाला. उत्तम झाला. पूर्ण मैफलीत त्यांची मान माझ्याकडे एकदाही वळली नाही.

निघताना मी साउंडवाल्याला रेकॉर्डिंग मागितलं.

"बुवा बसले तेव्हापासूनचं आहे ना, मॅडम," तो म्हणाला. "आधीचं फिलर होतं. घेतलं नाही."

इंदूरचा प्रोग्रॅम आधीच ठरलेला होता. आठवड्याभरात बुवांच्या शिष्येचा, वैदेहीचा फोन आला. "ताई, इंदूरला यावेळी हार्मोनियम घेतोय. बुवांचं म्हणणं, बदल म्हणून." मग नाशिकलाही बदल झाला. मग बोरिवलीला, माझ्या घरापासून रिक्षाच्या अंतरावर, त्याचं मला बॅनरवरून कळलं. त्या दिवशी मी गोरेगावला बुवांच्या घरी गेले.

ते बाल्कनीत पेपर वाचत होते. बस म्हणाले. मी बसले.

"बुवा, माझं काही चुकलं का?"

"चुकलं असतं तर बरं झालं असतं," ते म्हणाले. "चुकणाऱ्याला मी सांभाळून घेतो. तुला नाही का घेतलं?"

"तुम्हीच म्हणालात वाजव."

"पंधरा मिनिटं म्हणालो."

"तुम्ही पोचलाच नाहीत. मी काय उठून जायला हवं होतं?"

"शेजाऱ्याने किल्ली ठेवायला दिली म्हणून कोणी त्याच्या घरात संसार मांडत नाही, सुनंदा."

त्यांनी पेपरची घडी घातली. मग आवाज खाली आणून जे बोलले ते मला त्यांच्याकडून अपेक्षित नव्हतं.

"चाळीस वर्षं गातोय मी. त्या दिवशी मी मागच्या दाराने हॉलमध्ये आलो. एकानेही वळून बघितलं नाही. शेवटच्या रांगेत उभा होतो, एक जण म्हणाला, 'बाजूला व्हा, दिसत नाहीये.' मी सत्तरीला आलोय. माझ्या मागे बसणाऱ्याचा मला आधार वाटायला पाहिजे. त्या दिवशी तुझ्याकडे पाठ करून गायला बसलो तर माझे कान मागेच लागून राहिले. तसं गाता येत नाही."

"मी आधीसारखंच हळू वाजवेन."

"वाजवशील," ते म्हणाले. "पण मी ऐकलंय ना आता."

वैदेहीने चहा आणून ठेवला. मी तो प्यायले, नमस्कार केला आणि निघाले. राग यायला हवा होता. तो आला, पण दिंडोशीच्या सिग्नलला रिक्षा थांबली तेव्हा, आणि त्यांच्यापेक्षा मला स्वतःचाच जास्त आला. त्यांच्या बाल्कनीत बसून मी हळू वाजवायचं कबूल केलं होतं.

राहता राहिले दळवी. त्या दिवशी त्यांनी माझे दोन्ही हात धरून सांगितलं होतं, "ताई, पुढच्या सीझनला तुमचा सोलो ठेवतो. शब्द आहे." सीझन आला. फोन आला नाही. मीच केला.

"विषय काढला होता हो कमिटीत," ते म्हणाले. "पण कमिटी बुवांचं मत घेते. ते म्हणाले, सोलोची तयारी अजून नाही. सुरुवात उशिरा झाली ना तुमची, म्हणून."

"दळवी, तुम्ही स्वतः विंगेत बसून ऐकलंत."

"ऐकलं ना. झकास झालं होतं. खोटं कशाला बोलू?" ते म्हणाले. "पण ताई, माझं ऐकणं कोण धरतं?"

दुसऱ्या गायकांकडे विचारून बघितलं. सगळे नीट बोलले. बुवांनी का सोडलं, हे कोणी विचारलं नाही, त्यावरून त्यांना माहीत असावं. संगतकाराची जाहिरात त्याचा गायकच करतो, आणि बदनामीही. आता मी दहिसरला घरी क्लास घेते. एका कथ्थकच्या क्लासला लेहरा वाजवते. लेहरा म्हणजे तीच ती एक ओळ, नाचणारीला ताल कळावा म्हणून पुन्हापुन्हा वाजवत राहायची. प्रशांत अजून बुवांकडे आहे. भेटला की बोलतो. त्या सकाळचा विषय काढत नाही, त्याचं पोट आहे तिथे.

संगतीला जाणाऱ्या नव्या पोरींना मी धंद्याची एकच गोष्ट सांगते. वेळ भरायला सांगितला तर वेळ भरा. पंधरा मिनिटं म्हणाले तर पंधरा मिनिटांनी वाद्य पेटीत ठेवा, हॉल रिकामा झाला तरी चालेल. रिकाम्या हॉलबद्दल तुम्हाला कोणी काढून टाकणार नाही.

मागच्या आठवड्यात एका मुलीचा फोन आला. आयटीत आहे, वय एकोणतीस. लहानपणी राहून गेलं, म्हणाली.

"मॅडम, खरं सांगा. ह्या वयात सुरू केलं तर जमेल?"

"वाजवायला जमेल," मी सांगितलं.

ती पुढचं ऐकायला थांबली होती. मी तिला क्लासची वेळ सांगितली.