विरघळणारे स्क्रू

माझे वडील, अप्पा, विहिरीच्या पायरीवरून घसरले आणि त्यांचा घोटा मोडला. तेव्हा मी नळदुर्गला ज्युनिअर कॉलेजात फिजिक्स शिकवत होते आणि माझी धाकटी बहीण परदेशात हाडात बसवायचे स्क्रू तयार करत होती. तिचे स्क्रू मॅग्नेशियमचे. हाड जुळेपर्यंत धरून ठेवतात, मग शरीरातच हळूहळू विरघळतात, म्हणजे ते काढायला दुसरं ऑपरेशन लागत नाही.

आम्ही दोघी तामलवाडीहून एकाच एसटीनं सोलापूरला एम.एस्सी.ला जायचो. मार्क मला जास्त पडायचे. पुढं माझं लग्न ठरलं, तिला संशोधनाला प्रवेश मिळाला. मला कुणी अडवलं नव्हतं. त्यामुळं राग धरायलाही कुणी सापडायचं नाही.

सोलापूरच्या डॉक्टरांनी अप्पांच्या पायात स्टीलची पट्टी घातली. ड्रेसिंगला न्यायचं, आणायचं, सगळं माझ्याकडं. पण बहिणीचा व्हिडिओ कॉल आला की अप्पा सुजलेला पाय मोबाईलसमोर धरायचे आणि तिला विचारायचे, हाड कधी जुळंल. मला त्यांनी एकदाही विचारलं नाही.

ती सुट्टीवर आली तेव्हा तपासणीला आम्ही तिघं मिळून गेलो. ती काय करते हे कळल्यावर डॉक्टरांनी स्वतः उठून तिला खुर्ची दिली. मी एक्स-रेचं पाकीट धरून उभी होते. मॅग्नेशियम विरघळताना गॅस होतो म्हणे, असं त्यांनी तिला विचारलं. मी मधेच म्हणाले, "हायड्रोजन." डॉक्टर माझ्याकडं न बघता हो हो म्हणाले आणि पुढचा प्रश्न पुन्हा तिलाच विचारला.

परतताना धाब्यावर थांबलो. मालक ओळखीचा होता. अप्पा त्याला म्हणाले, "ही आमची धाकटी. हाडातले खिळे बनवती. लई मोठं काम हाय." मग माझ्याकडं हात करून म्हणाले, "आन ही थोरली. इथंच असती."

अप्पा मालकाशी बोलत बसले. आम्ही दोघी हात धुवायला मागं गेलो. नळ चालू ठेवून ती म्हणाली, "अक्का, आमचे स्क्रू लवकर विरघळले."

मला आधी समजलंच नाही, मग तिनं उलगडून सांगितलं. प्रयोगशाळेत सगळं ठीक होतं, पण माणसांवर चाचणी सुरू झाली तेव्हा काहींच्या पायात हाड जुळायच्या आधीच स्क्रू झिजले. चाचणी थांबवावी लागली. एका म्हातारीचं ऑपरेशन पुन्हा करावं लागलं. अप्पांचं ऑपरेशन झाल्याचं कळलं तेव्हा तिच्या मनात पहिल्यांदा हेच आलं, की बरं झालं, स्टील घातलं. "अप्पांना सांगू नको," म्हणाली आणि रडायला लागली.

मी तिच्या पाठीवरून हात फिरवला. पण खरं सांगायचं तर मला आतून बरं वाटत होतं. जेवण येईपर्यंत तेही टिकलं नाही. तिच्या अपयशाचाही मला हेवा वाटायला लागला. माझं काय चुकणार होतं? एखादं प्रॅक्टिकल. त्याची दखल जगात कोण घेणार?

ती परत गेली. काही महिन्यांनी त्या चाचणीचा पेपर छापून आला, काय फसलं ते सगळं मांडून. तिनं तो मला पाठवला. स्वयंपाक उरकून मी वाचायला बसले. निम्मा कळला. एका जागी मात्र अडले. प्रयोगशाळेत स्क्रू साचलेल्या द्रवात ठेवले होते, शरीरात तर रक्त वाहतं असतं. मग झिजण्याचा वेग एकच कसा धरला? मी तिला तसं लिहिलं.

लगेच उत्तर आलं. "आम्ही आता नेमकं याच्यावरच काम करतोय. अक्का, तू इथं असायला हवी होतीस."

तिनं मायेनंच लिहिलं होतं, हे मला कळत होतं. म्हणूनच ते जास्त लागलं. मी नुसता अंगठा पाठवला आणि भांडी घासायला घेतली.

अप्पा आता काठी न घेता रानात जातात. बहीण नव्या प्रयोगांचे आलेख मला पाठवते. मी ते उघडते, शंका काढते, तिला कळवते. आणि दरवेळी तिचं नाव वर छापलेलं दिसलं की तसाच हेवा वाटतो.