गोळे मोजाचे का रेघा?

त्या वर्षी बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला ग्राफ थिअरी नव्यानं लागली आणि शिकवायला दुसरं कोणी नाही म्हणून ती माझ्या गळ्यात पडली. मी स्वतः एम.एस्सी.ला हा पेपर घेतला नव्हता. मुलांना मी हे कधी सांगितलं नाही. पहिल्या आठवड्यातच त्यांना ते समजलं होतं, पण त्यांनीही मला कधी तसं दाखवलं नाही.

आमचं कॉलेज तालुक्याच्या गावी होतं, हायवेवरच्या जाम या गावच्या चौरस्त्यावरून बसनं जावं लागायचं. मी रोज वर्ध्याहून येऊन-जाऊन करायचो आणि बसमध्ये उद्याचा धडा वाचायचो.

ग्राफ थिअरीतलं झाड फार सोपं असतं. काही गोळे काढायचे आणि ते रेघांनी जोडायचे. गोळे सगळे जोडलेले हवेत, पण फिरून पुन्हा त्याच गोळ्यापाशी येता कामा नये. झालं झाड. त्यातला एक गोळा मूळ म्हणून निवडला, तर तो सगळ्यात वर काढायचा आणि बाकीचे खाली थराथरानं लटकवायचे. हे झाड उलटं का वाढतं, असं मुलांनी विचारलं तेव्हा मी म्हणालो, "तशी पद्धत आहे." त्या वर्षी हे उत्तर मी बरेचदा दिलं.

दिवाळीच्या आधी वीस मार्कांची चाचणी घेतली. शेवटचा प्रश्न एका मार्काचा होता: दिलेल्या झाडाची उंची काढा. आकृतीत गोळ्यांचे चार थर होते. वरून खाली जाताना वाटेत तीन रेघा लागतात, म्हणून उत्तर तीन. पहिल्या बाकावरच्या एका हुशार मुलीनं चार लिहिलं. मी लाल फुली मारली, वीसपैकी एकोणीस दिले आणि विसरून गेलो.

पेपर वाटल्याच्या तिसऱ्या दिवशी तिचे वडील आले. मी स्टाफरूममध्ये एकटाच डबा खात होतो. पन्नाशीचा उंच माणूस, शर्टाच्या बाहीला ग्रीसचा डाग, हातात हेल्मेट. त्यांनी हेल्मेट टेबलावर उलटं ठेवलं. आत एक पुस्तक आणि एक वही होती.

"नमस्कार सर. मी तिचा बाबा. जामले आपलं दुकान हाय, ट्रकच्या स्पेअर पार्टचं. जेवा तुमी, मी थांबतो."

मार्कासाठी आले असणार असं समजून मी घाईघाईनं सांगितलं की ही चाचणी काही मोठी नाही, एका मार्कानं काही बिघडत नाही.

"मार्काचं नाई सर. पोरगी तर म्हन्ते, बाबा, जाऊ द्या न. पन मले समजूनच नाई राह्यलं. झाडाची उंची मोजाची म्हनजे गोळे मोजाचे का रेघा?"

"रेघा," मी म्हणालो.

त्यांनी हेल्मेटातून एक जाडजूड कॉम्प्युटरचं पुस्तक काढलं. शेजारच्या कोणाचं तरी मागून आणलं होतं. खुणेला बिस्किटाच्या पुड्याचा कागद घातला होता. "हे पाहा. इथं गोळे मोजून राह्यले."

खरंच मोजत होते. एकट्या गोळ्याची उंची त्या पुस्तकात एक होती, माझ्या पुस्तकात शून्य.

"हे पुस्तक खोटं हाय का?"

"नाही."

"मंग तुमचं?"

"तेही नाही."

"मंग माही पोरगी काऊन खोटी झाली?"

मी डबा बाजूला सारला. म्हणालो, इमारत किती उंच, हे कोणी मजले मोजून सांगतं, कोणी मधले जिने मोजून सांगतं. दोघंही बरोबर असतात. फक्त आधी ठरवून घ्यायचं आणि मग त्याला चिकटून राहायचं. आमच्या वर्गात आम्ही रेघा ठरवल्या आहेत.

त्यांना हे फार पटलं. "हे बराबर बोलले तुमी," असं म्हणत त्यांनी मान हलवली आणि हेल्मेटातून मुलीची वही काढली. "मंग हे कोनं सांगतलं?"

ऑगस्टमधलं पान होतं. सुवाच्य अक्षरात लिहिलं होतं: "लिहून घ्या. झाडाची उंची म्हणजे त्यातल्या थरांची संख्या." ती मुलगी इतकी प्रामाणिक की माझं 'लिहून घ्या'सुद्धा तिनं लिहून घेतलं होतं. ऑगस्टमध्ये माझ्याकडे वर्ध्याच्या एका मित्राचं पुस्तक होतं. सप्टेंबरमध्ये त्यानं ते परत नेलं आणि मी लायब्ररीतलं दुसरं घेतलं. दोन्ही पुस्तकांत झाड वेगवेगळं आहे, हे मला त्या क्षणापर्यंत माहीत नव्हतं.

मी म्हणालो, "माझीच चूक आहे. मार्क देतो."

"मार्क नाई पायजे सर," ते म्हणाले. "मले उंची पायजे."

दुसऱ्या दिवशी मी वर्गात चूक कबूल केली आणि चार लिहिणाऱ्या सगळ्यांना एकेक मार्क दिला. वाटलं, विषय संपला. तास सुटल्यावर मागच्या बाकावरचा एक मुलगा कोरा पेपर घेऊन आला. म्हणजे त्या प्रश्नापुरता कोरा.

"सर, मलेपन एक मार्क पायजे."

"काही लिहिलंच नाहीस तू!"

"तेच न सर. तुमीच पह्यल्या दिवशी सांगतलं, झाडाले मूळ असलंच पायजे असं नाई. प्रश्नात मूळ कोनतं ते सांगतलंच नाई. मूळ नाई तर उंची कुठून आनू? म्हून सोडून देल्लं."

मी प्रश्नपत्रिका पुन्हा वाचली. तो शंभर टक्के बरोबर होता. त्यानं हा विचार परीक्षेत केला होता की काल घरी बसून, हे शोधायला माझ्याकडे काही साधन नव्हतं. मी कोऱ्या जागेला एक मार्क दिला. संध्याकाळपर्यंत त्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ही बातमी फिरली आणि आणखी सहा कोरे पेपर आले. शेवटी अख्ख्या वर्गात एकच मुलगा उरला, ज्याला तो मार्क देता येईना. त्यानं साडेतीन लिहिलं होतं. का, असं विचारलं तर म्हणाला, "सर, इकडचा तीन म्हने, तिकडचा चार म्हने. मीनं म्हटलं, कोनाचंच मन नको मोडाले."

प्रकरण प्राचार्यांपर्यंत गेलं. त्यांनी ऑफिसला सांगितलं, समिती नेमा. ऑफिसातून पत्र निघालं: 'झाड या संज्ञेबाबत विद्यार्थ्यांमध्ये संभ्रम निर्माण झाल्याने पुढीलप्रमाणे समिती गठित करण्यात येत आहे.' समितीत मी, कॉम्प्युटरचे सर आणि बॉटनीच्या मॅडम. पत्रात झाड आहे म्हटल्यावर बॉटनीचं नाव ऑफिसनं आपणहून घातलं होतं. पालक प्रतिनिधी म्हणून जामचे बाबा.

शनिवारी दुपारी बॉटनीच्या लॅबमध्ये बैठक झाली. बाबांनी येताना गरम आलूबोंडे आणले होते. मॅडम नाराज होत्या, पण तयारी करून आल्या होत्या. मी फळ्यावर झाड काढलं. त्या चष्मा लावून बराच वेळ बघत राहिल्या.

"मूळ वर?"

"हो."

"आणि पानं खाली?"

"हो."

"मग हे झाड कोणीतरी उपटून ठेवलंय, सर."

कॉम्प्युटरचे सर हसले. त्यांचा-माझा स्नेह जुना, रोज एकमेकांच्या डब्यातलं खायचो. मला वाटलं, निदान ते माझ्या बाजूनं बोलतील. मी पुढं सांगितलं की अशी सुटी सुटी झाडं एकत्र घेतली की त्याला वन म्हणतात. मॅडमना हे आवडलं. "हे ठीक आहे. किती झाडं लागतात वनाला?"

"एकही चालतं."

"एका झाडाचं वन?"

"हो, म्हणता येतं."

"वनखात्याला कळवलं का?"

इथं कॉम्प्युटरचे सर मध्ये पडले. ते म्हणाले, "मॅडम, हे तर काहीच नाही. आमच्यात एकही गोळा नसला तरी झाड असतं."

"गोळा नाही, रेघ नाही, मग आहे काय?"

"रिकामं झाड."

"ते झाडच नव्हे," मी म्हणालो. मला स्वतःलाच आश्चर्य वाटलं, इतक्या जोरात म्हणालो. "कमीत कमी एक गोळा हवा."

"तुमच्यात हवा असेल. आमचा प्रोग्राम रिकाम्या झाडापासूनच सुरू होतो."

"तुमचा प्रोग्राम कुठूनही सुरू होवो, त्याला झाड म्हणू नका!"

"वा! ऑगस्टात एक उंची, ऑक्टोबरात दुसरी, अन् आम्हाला सांगून राह्यले!"

पाचेक मिनिटं आम्ही एका नसलेल्या झाडावरून भांडलो. मॅडमनी मधल्या वेळात एक आलूबोंडा संपवला. बाबा मात्र आळीपाळीनं दोघांकडे बघत ऐकत होते. आमचा दम संपल्यावर म्हणाले, "मी बोलू का सर?"

मी खडू खाली ठेवला.

"आमच्या चौरस्त्यावर साऱ्या मुलकाच्या गाड्या येतात. पार्ट एकच, पन पंजाबचा ड्रायव्हर एक नाव सांगते, हैदराबादकडचा दुसरं. अन् आपल्या कारंज्याचा मिस्तरी तिसरंच सांगते. पह्यले मी नावावरून माल काहाडून देत होतो. अर्धा माल वापस ये. भांडनं होत. मी म्हनो, यालेच हे म्हन्तात. तो म्हने, नाई म्हनत. आता मी नावच नाई इचारत. म्हन्तो, भाऊ, तुटलेला तुकडा काउंटरवर ठेव. तुकडा पाहून तसाच देतो."

त्यांनी फळ्यावरच्या झाडाकडे बोट केलं.

"तुमीपन पेपरात तुकडा ठेवा न सर. वरतेच लिहून द्या, आज उंची म्हनजे हे. एक छोटं झाड काढून दाखवा. मंग पोट्टे घरी काहीपन म्हनोत."

मॅडमनी तिथल्या तिथं ठराव लिहून काढला. चौघांनी सह्या केल्या. कॉम्प्युटरच्या सरांनी सही केली, पण सोमवारी डबा एकट्यानं खाल्ला. बुधवारी त्यांनी भेंडीची भाजी माझ्याकडे सरकवली, तेव्हा मला जरा बरं वाटलं.

पुढच्या चाचणीत मी प्रश्नाच्या वर ठळक अक्षरात छापलं: या प्रश्नपत्रिकेत उंची म्हणजे मुळापासून सर्वांत दूरच्या पानापर्यंतच्या रेघांची संख्या. खाली दोन गोळ्यांचं नमुन्याचं झाड, उंची एक. मुळाला बाणही दाखवला. प्रश्नातल्या झाडाची उंची चार होती. कोऱ्या पेपरवाल्यानं चार लिहिलं. साडेतीनवाल्यानंही चार लिहिलं, खाली दोन रेघा ओढून.

पहिल्या बाकावरच्या मुलीनं पाच लिहिलं.

मी ते पान तीनदा उलटून पाहिलं. वर छापलेली व्याख्या पुन्हा वाचली, आपलंच काही चुकलं का म्हणून. नव्हतं चुकलं. मार्क कापला आणि दोन दिवस खिडकीतून गेटकडे बघत काढले. तिसऱ्या दिवशी ते हेल्मेट आत आलं. मी उभाच राहिलो.

"बसा सर, बसा. बराबर कापला तुमी. घरी मीच तिले गोळ्यावर पक्कं करून ठेवलं होतं, तिनं वरचं वाचलंच नाई. तिचं तिनं भोगलं." मग जरा थांबून, आवाज उतरवून म्हणाले, "ते लायब्ररीतलं पुस्तक मले चार दिवस भेटन का?"

वीस वर्षांच्या नोकरीत माझ्या विषयाचं पुस्तक परीक्षा नसताना कोणी मागितलं नव्हतं. मी ते माझ्या नावावर काढून त्यांना दिलं आणि घरी जाताना बसमध्ये उगाचच खुशीत होतो.

चार दिवसांचे पाच आठवडे झाले. एके दिवशी ती मुलगी स्टाफरूमच्या दारात येऊन उभी राहिली.

"सर, ते पुस्तक वापस घ्या न. दुकानात गिऱ्हाईक उभं राह्यते अन् बाबा खोक्यावर झाडं काढून राह्यते. आई लय चिडली हाय. तुमी सांगतलं तं आयकन ते."

मी शब्द दिला. त्याच दुपारी परतताना जामला उतरलो. दुकान चौरस्त्याला लागूनच होतं. बाहेर एक ट्रक बोनेट उघडून उभा, टायरवर एक तेलंगणाचा ड्रायव्हर चहा पीत बसलेला. काउंटरच्या मागं खोक्यांच्या पुठ्ठ्यांवर मार्करनं काढलेली झाडं होती, लहान, मोठी, एकाच बाजूला कललेली.

"बरं झालं सर आले!" बाबांनी मला आतच ओढलं. "एकटा गोळा घ्या. तो पान हाय का नाई? या पुस्तकात म्हन्ते, ज्याच्या खाली काही नाई ते पान. म्हनजे हाय. मांगच्या पानावर म्हन्ते, ज्याले एकच रेघ ते पान. याले तं रेघच नाई. म्हनजे नाई. एकाच पुस्तकात दोन बाता!"

मी पुस्तक घेतलं, परत मागायला नव्हे, बघायला. तेवढ्यात टायरवरचा ड्रायव्हर म्हणाला, "अकेला है बेचारा। जड़ भी वही, पत्ता भी वही। उसको क्यों परेशान करते हो?"

"अरे पन लिहिलंय काय ते पाह्यलं पायजे न!" बाबा म्हणाले. मी स्टूल ओढून बसलो. मागचं पान काढलं, मग त्याच्याही मागचं. मुळाशिवायच्या झाडात एक व्याख्या चालत होती, मूळ असलेल्या झाडात दुसरी, आणि लेखकानं एकीवरून दुसरीवर उडी कुठं मारली ते आम्ही पुठ्ठ्यावर आकृत्या काढत शोधत गेलो. ड्रायव्हरनं आपला पार्ट स्वतःच मांडणीवरून शोधून घेतला आणि गाडी काढून निघूनही गेला. वर्ध्याच्या दोन बसेस गेल्या. उडी एकशे बाराव्या पानावर सापडली, तळटिपेत, तेव्हा बाबांनी काउंटरवर अशी थाप मारली की नटांचा डबा खाली पडला. आम्ही दोघं वाकून नट वेचत बसलो.

दुसऱ्या दिवशी तास संपल्यावर मुलगी माझ्या टेबलापाशी आली.

"सर, आणलं का पुस्तक?"

मी हजेरीपट उघडून त्यात बघायला लागलो. म्हणालो, "अजून चार दिवस लागतील. एकशे तेराव्या पानावरही काहीतरी गडबड आहे."

तिनं माझ्याकडे पाहिलं. "सर, तुमीपन?" एवढंच म्हणाली आणि दप्तर उचलून निघून गेली.