हलू नका

गायबनानांना जाताना कुणी कधी पाहिलंच नाही. इस्लामपूरच्या चाळीत ते माझ्या शेजारच्या खोलीत एकटेच राहत आणि संध्याकाळी माझ्याकडे चहाला येत. मी स्टोव्ह बंद करायला वळले की पाट रिकामा. ‘येतो’ म्हणणं त्यांच्या गावीच नव्हतं. सुरुवातीला मला याचा रागच यायचा.

तरुणपणी ते मूकपटांच्या एका कंपनीत होते. अंतर्धान पावणारे ऋषी आणि राक्षस ही त्यांची कामं. त्यातली युक्ती त्यांनीच मला सांगितली. चित्रपट घेणारे मास्तर ओरडायचे, ‘हलू नका!’ कॅमेऱ्याचं हँडल थांबायचं. राजा-राणी होती तशीच उभी राहायची आणि नाना तेवढे गुपचूप बाजूला सरायचे. हँडल पुन्हा फिरलं की पडद्यावर ऋषी गायब.

“थेटरात बाया हात जोडायच्या, बाई,” ते म्हणाले. “आन् मी तितंच मागं बसल्यालो. कुनी वळकायचं न्हाई.”

लग्न राहूनच गेलं. कंपनी बुडाली, फिती आगीत गेल्या. “माजा एकबी फोटू न्हाई कुटं. मेल्यावर हार कशाला घालनार?” हे मात्र ते हसत बोलले नव्हते.

माझी सांगलीला बदली झाली, तेव्हा चाळकऱ्यांनी सगळ्यांचा मिळून फोटो काढायचं ठरवलं. तुम्ही माझ्या शेजारी उभं राहायचं, असं मी नानांना बजावलं. ते सकाळपासून कोट-टोपी चढवून तयार. गालाला पावडरसुद्धा. मी चिडवलं तर चक्क लाजले. फोटोग्राफरनं डोळा लावला, हात वर केला आणि म्हणाला, “हलू नका.”

आम्ही श्वास रोखला. कळ दाबली गेली. वळून बघते तर नाना पार नळापाशी.

रोल तिथंच संपला होता. कुणाला हसू आवरेना. मला मात्र भडभडून आलं. स्टुडिओत जाऊन काढू, म्हटलं, तर त्यांनी मान हलवली.

“ऱ्हाऊ द्या, बाई. पायांस्नी तेवडंच ठावं हाय.”

दुपारी ते मला सोडायला स्टँडवर आले. गाडी सुटली, वळणापर्यंत मी मागं बघत होते. त्या दिवशी ते जागचे हलले नाहीत.

वर्षभरात ते गेल्याचं कळलं. तो फोटो माझ्या सांगलीच्या खोलीत आहे. त्यात माझ्या शेजारी एका माणसापुरती जागा मोकळी आहे. हार मी बरोबर तिथंच येईल असा घालते.