रिकाम्या पट्ट्याचं सुतक

परवाची अख्खी सकाळ मी एका रिकाम्या पट्ट्याचं सुतक पाळण्यात घालवली. तारुण्य मेळघाटात, मोहाच्या आंबूस वासात, काळ्या अस्वलांच्या मागे गेलं; उतारवय इथे टूवूंबाच्या डोंगरउतारावर, कोआलांच्या झाडांखाली मान वर करून चाललं आहे. इतकी वर्षं एकच काम केलं की चुकासुद्धा सराईत हाताने होतात.

हिवाळा सरत आला होता. दवाने भिजलेल्या निलगिरीच्या सालींचा औषधी वास हवेत रेंगाळत होता आणि ऊन पानापानांवर टेकत, दम खात खाली उतरत होतं, अगदी माझ्यासारखं. गुडघ्याला हल्ली गाडी चालवणं झेपत नाही, म्हणून हॉस्पिटलातल्या शिफ्टनंतरची झोप मोडून माझी मुलगी सई मला घेऊन आली होती. गळ्यात रेडिओचा पट्टा बांधलेल्या कोआलांपैकी आता एकटी आक्का उरली आहे. मोठ्या नणंदेसारखी वरून न्याहाळते, म्हणून आक्का. ती आहे तोवर प्रकल्प आहे, आणि प्रकल्प आहे तोवर, खरं सांगायचं तर, सकाळी उठायला मला कारण आहे.

गळ्यातला पट्टा संथ टिकटिकत असला की जनावर जिवंत. बराच काळ हललं नाही, की तीच टिकटिक दुप्पट वेगाने धावू लागते. रिसीव्हर कानाला लावला आणि ती धावतच आली. मग मी झुडपं चाळली, ओंडके उलटले. आवाज फिरून फिरून आमच्या पत्र्याच्या शेडपाशीच यायचा. अखेर एका बुंध्याशी बसलो. रडलो नाही, तेवढाही उत्साह नव्हता. अस्वलांपासूनची सगळी वर्षं पायांत उतरून आल्यासारखी वाटली, आणि या वयात घरी बसून नेमकं काय करतात, ते कुणाला विचारावं, हेही सुचेना.

एवढ्यात टिकटिक एकाएकी संथ झाली. आक्का जिवंत झाली! मी धडपडत उठलो, तर शेडच्या दारात सई उभी, चहाची पूड शोधायला गेलेली, आणि तिच्या बोटावर जादाचा पट्टा झुलत होता. तो चुंबक लावून बंद ठेवायचा असतो. चुंबक गेल्या आठवड्यात मीच घरी नेला होता. फ्रिजवर पंचांगाचं पान टिकत नव्हतं. पट्टा डब्यात पडल्या पडल्या आपल्या मरणाची वर्दी देत होता आणि रिसीव्हरवर आक्काच्या पट्ट्याचा नंबर सोडून नेमका त्याचाच मी लावला होता.

मग खरा नंबर लावला. दूर ओढ्याच्या बाजूने क्षीण, संथ टिकटिक आली. ओढ्याकाठच्या एका उंच बेचक्यात आक्का पोटात पाय घेऊन झोपली होती. तिने एक डोळा उघडला, मला ओळखण्याची तसदी न घेता मिटला, आणि वाऱ्याबरोबर फांदी नि ती हलत राहिली. किती वेळ बघत होतो कोण जाणे. माझ्या वाया गेलेल्या सकाळची तिथे कुणालाच खबर नव्हती.

सईने जांभई देत तो पट्टा माझ्या हातात ठेवला.

"बाबा, हा तूच घाल. रिटायर झाल्यावर सोफ्यावर हलतोयस की नाही, ते आईला किचनमधूनच कळेल."