बोलण्याला वन्स मोअर

गाणारी बाई टीव्हीवर गप्पा मारायला कशी काय बसली, असं कोणी विचारलं की मी 'चॅनेलनं बोलावलं' म्हणते आणि मोकळी होते. ते खोटं नाही. पण त्याच्या आधी चंद्रपूरकडच्या मूल तालुक्यातल्या एका म्हातारीनं मला परत बोलावलं होतं, आणि तिचं सांगायला घेतलं की मुलाखतीची वेळ संपते. इथे घड्याळ दाखवायला कोणी नाही, म्हणून सांगते.

मी बल्लारपूरची. बाबा कागद कारखान्यात होते. माइक पहिल्यांदा हातात आला तो बुद्धविहारात, चौदा एप्रिलला भीमगीत म्हणताना. तो मी पुढच्या मुलीला देईना, तेव्हा आईनं हिसकावून घेतला. पुढे ऑर्केस्ट्रा, मग मुंबई, आणि मग ते एक पॉप गाणं, जे कित्येक वराती घेऊन फिरल्या. त्याच्या अंतऱ्यात एक उंच सूर होता. लोक यायचे ते त्या सुरासाठी.

मग गळ्यात गाठ आली. ऑपरेशननंतर डॉक्टर म्हणाले, बोलता येईल, तो सूर मात्र विसरा. मी कार्यक्रम नाकारत गेले आणि हळूहळू फोनच बंद झाले. बल्लारपूरला परत आले. दुसरं काही येत नव्हतं. आता लोकांसमोर उभं राहायचं ते कशाच्या जोरावर, हा प्रश्न उशाशी घेऊन झोपायची.

त्या हिवाळ्यात बाबांच्या गावची मंडई आली. धान निघालं की आमच्या झाडीपट्टीत गावोगावी मंडई भरते. घरोघरी लेकी-जावई, दुपारी कार्यक्रम, रात्री नाटक. मंडळानं मला न विचारताच जीपवर भोंगा लावून आसपासच्या गावांत पुकारून टाकलं होतं की गावची लेक ते गाणं म्हणणार. बाबा म्हणाले, "नाई म्हणून सांगून देतो." मीच म्हणाले, जाते. खालच्या पट्टीत निभावून नेईन, असा भाबडा विचार होता.

आमच्याकडे गाणं आवडलं की लोक 'वन्स मोअर' ओरडतात, आणि ओरडले की तो द्यावाच लागतो. नाटकात नायक मरून पडलेला असला तरी उठतो, गाणं पुन्हा म्हणतो आणि पुन्हा मरतो. वन्स मोअर नाही आला तर मात्र गाणं पडलं म्हणून समजायचं.

मंडप धान कापलेल्या बांधीत, शेतातच होता, लोक तणशीवर, धानाच्या पेंढ्यावर बसले होते. धून सुरू झाली. मुखडा कसाबसा निघाला. अंतरा आला आणि आवाज फाटला. पुढे नुसती हवा.

मी धून बंद करायला सांगितली. माइक बिघडला म्हणता आलं असतं. पण समोर सगळी बाबांची माणसं. मी म्हणाले, "माह्या गळ्याचं आपरेशन झालं. तो सूर आता लागत नाई."

समोरची शांतता मला सहन होईना, म्हणून सुचेल ते बोलत सुटले. ऑपरेशननंतर डॉक्टरांनी तोंड उघडायला मनाई केली होती, त्याची गोष्ट सांगितली. शेजारच्या बाईंना वाटलं, मी बाबांवर रुसले. त्या वाटीभर कढी घेऊन माझी समजूत काढायला आल्या. मी उत्तर देईना, तेव्हा तरातरा बाबांकडे गेल्या. "भाऊ, पोरीले येवढं काऊन बोललात?" आणि बाबांना माझ्याशी खुणांनी बोलायची इतकी सवय झालेली की त्यांनीही नुसते हातवारे केले. बाई घाबरून कढी तिथेच टाकून पळाल्या.

मंडप हसला. पण लोक गाण्यासाठी आले होते आणि गाणं पडलं होतं. मी जय भीम म्हणून स्टेजच्या पायऱ्यांकडे वळले. डोळे भरून आले होते.

"वन्स मोअर!"

पुढच्या रांगेत एक म्हातारी उभी होती. लोक तिलाच हसायला लागले.

"हासून काऊन राह्यले? वन्स मोअर म्हटलं मी. सांग वो पोरी, डाक्टर काय म्हणे?"

रीत म्हणजे रीत. मी परत फिरले आणि सगळं पुन्हा सांगितलं. या वेळी बाईंचा आवाज काढला, बाबांचे हातवारे करून दाखवले. मग मंडपाच्या मागच्या टोकाकडूनही वन्स मोअर आला.

कोणीतरी ते मोबाइलवर घेतलं होतं. ते फिरत फिरत चॅनेलच्या माणसांपर्यंत पोचलं आणि मला काम मिळालं. आजही तेच करते, रोज संध्याकाळी.

मागच्या मंडईला त्या म्हातारीकडे साडी घेऊन गेले. ती म्हणाली, "पाहतो ना तुले टीव्हीवर. पण वन्स मोअर म्हटलं तं तू आयकतच नाईस."

मी विचारलं, "आजी, त्या दिवशी खरंच येवढं आवडलं होतं?"

"कायचं आवडते! मले तं गाणं आयकाचं होतं. पण तू उतरली असती तं मंग पुन्हा चढली नसती, पोरी."

मी तिच्या पाया पडले. तिनं मला उठवून खाटेवर बसवलं, आपण समोर बसली आणि म्हणाली, "हं. डाक्टर काय म्हणे?"

मी पहिल्यापासून सांगायला लागले.