मथुराच्या गाण्यावर भरलेलं भाषण

भागाबाई माझी शेजारीण. भंडाऱ्याकडची, इथे परमुलखात पोलाद कारखान्याच्या भट्टीचा पाया भरत होते तेव्हा डोक्यावर गिट्टी वाहायची. तिची मथुरा अकरा वर्षांची. भुलाबाईची, म्हणजे आमच्याकडच्या भोंडल्याची, गाणी अशी म्हणायची की बाया भाकर तव्यावर टाकून ऐकायला यायच्या. बासष्ट साली आमच्या इथल्या मराठी मंडळाचे सेक्रेटरी नरहरीबाबू टेपचं मशीन घेऊन आले आणि तिची गाणी चकरीवर भरून घेतली. त्याच थंडीत मथुरा तापाने गेली.

पुढच्या भादव्यात भागाबाई मंडळात गेली. मी सोबत होते.

"बाबूजी, एकडाव माह्या पोरीचा आवाज आयकवा."

बाबूंनी चकरी लावली. आतून निघालं त्यांचंच भाषण. कोऱ्या चकऱ्या संपल्या म्हणून त्याच चकरीवर भरलेलं! वर म्हणतात, "अहो, पोरींची गाणी काय, दरसाल होतात."

भागाबाई रडली नाही. वाटेत एवढंच म्हणाली, "याले मी सोडत नाही वं."

आता भुलाबाईच्या गाण्यात सासरच्यांची उणीदुणी काढायची आपली रीतच. भागाबाईने तिथे नरहरीबाबूंना बसवलं:

नरहरीबाबूची जीभ मोठी गं,
मथुराचा गळा गेला पोटी गं!

अशी सात कडवी, प्रत्येकात बाबूंचं नाव. पोरींकडून पाठ मी करून घेतलं. खोटं कशाला सांगू, खिरापतही मीच वाटली. दुसऱ्या साली ते गाणं कारखान्याजवळच्या सुपेल्याच्या बाजारात पोचलं. मराठीचं अक्षर न कळणाऱ्या इथल्या भाजीवाल्याही गुणगुणायच्या.

तिसऱ्या साली, ऐन भुलाबाईत, बाबूंच्या मुलीला, जयाला, पाहायला नागपूरची मंडळी संध्याकाळी यायची होती. त्या सकाळी बाबूंनी आम्हाला मंडळात बोलावलं. पहिल्यांदाच खुर्ची दिली.

"भागाबाई, माझं नाव काढा हो त्यातून."

"माही पोरगी काढून द्या, मंग काढतो."

"काल चकरी शेवटपर्यंत ऐकली. थोडं राहिलंय." घाम पुसत त्यांनी मशीन लावलं. भाषण संपलं, टाळ्या संपल्या, आणि उरलेल्या टोकावर मथुरा. एकच कडवं. मग हसली, "माय, भाकर जळून राहिली वं!" आणि खरखर.

भागाबाईने तीनदा ऐकवायला लावलं. मग पदराने तोंड पुसून उठली.

"एक कडवं वापस देल्लं तुमी. एका कडव्यातून नाव काढतो. बाकी सहा आज संध्याकाळी तुमच्याच दारात म्हणू. खिरापत तयार ठेवजा."