बाहेरून घातलेलं कुलूप

आमच्या बिल्डिंगच्या सेक्रेटरीचा मला अजून राग येतो. नांदेडच्या त्या फ्लॅटमध्ये मी चार वर्षं राहिलो. तेवढ्या काळात हा गृहस्थ माझ्या दाराशी एकदाच आला, तोही तक्रार घेऊन. "सर, तुमच्या आई दिवसभर दार उघडं टाकून बसतात. येणाऱ्या-जाणाऱ्याला चहाला बोलावतात. बरं दिसत नाही."

चहाला बोलावलं म्हणून तक्रार! डोंबल यांच्या शिष्टाचाराचं.

आई नुकतीच औशाकडच्या आमच्या गावातून माझ्याकडे राहायला आली होती. भूकंपात तिथल्या घराची चौकट कलली आणि आतली कडी अडकून बसली. ती ओरडली, तेव्हा शेजाऱ्यांनी पहारीनं दार फोडून तिला ओढून काढलं. तेव्हापासून ती जागेपणी दाराला कडी लावत नसे. भूकंपानंतर मिळालेल्या पत्र्याच्या शेडमध्ये नाही की पुढे बांधलेल्या नव्या घरात नाही. गावात बहुतेकांचं तसंच झालं होतं. दिवसा एखादं दार बंद दिसलं, तर लोक चौकशीला यायचे.

मी कोचिंग क्लासमध्ये फिजिक्स शिकवायचो. पोरांना रोल नंबरनं हाक मारायचो, शेजाऱ्यांना तर हाकच मारत नव्हतो. सेक्रेटरीला सुनवायचं सोडून मी आईवरच खेकसलो, "हे काय आपलं गाव आहे?"

"हितं माणसंच राहतेत ना?" ती म्हणाली.

ती ऐकणार नव्हती. दुसऱ्या दिवशी सकाळी क्लासला जाताना मी बाहेरून कुलूप घातलं. तिला न सांगता.

दुपारी आलो, तर ती दाराला टेकून फरशीवर बसलेली. पायात चपला, मांडीवर कपड्यांची पिशवी. आवाज पार बसला होता.

"लई हाका मारल्या. दार बडवलं. लोक जिन्यात थांबायचे अन् निघून जायचे. काय झालं म्हणून कुणी इचारलं बी न्हाई." मग म्हणाली, "चुकून लावलंस ना रे?"

मी हो म्हणालो.

तिला राहायचंच नव्हतं. लातूरच्या एसटीत बसवून परत आलो, तर जिन्यात सेक्रेटरी भेटला. "सकाळी जरा आवाज होता, पण मग एकदम शांत. थँक्यू हं, सर."

म्हणजे यानं ऐकलं होतं. एक सणसणीत ठेवून द्यावी असं वाटलं. "तुम्हाला त्रास झाला, सॉरी," असं म्हणून मी वर आलो आणि आतून कडी लावून घेतली.